बाइंडरच्या खोलीतली खाट

१

"मशीन कुठे गेलं?"

कुलूप काढून आत डोकावलेल्या मुलीच्या तोंडून एवढंच निघालं आणि ती उंबऱ्यातच मटकन खाली बसली. तिच्या मागे मी, माझ्या मागे घरमालकाचा मुलगा, त्याच्या मागे त्याची बायको, अशी त्या अरुंद जिन्यावर आमची वरात उभी. तिला ओलांडून मला आत जावं लागलं. माझा गुडघा सकाळपासून बोंबलत होताच, त्यात ही कसरत.

खोली लख्ख झाडलेली होती. खिडकीखाली एक खाट, तिच्यावर धुतलेली चादर, चादरीची घडी न घडी सरळ. उशाशी पाण्याचा तांब्या, वर पेला पालथा. फरशीवर मात्र चार फिकट चौकोन दिसत होते. त्यांच्याभोवतीची फरशी वर्षानुवर्षांच्या तेलाने काळी पडलेली. तिथे पुस्तकं कापायचं लोखंडी मशीन उभं होतं, असं मला कागदोपत्री सांगितलं गेलं होतं.

"ही खाट कोणाची?" मी विचारलं.

"मला काय माहीत!" मुलगी रडकुंडीला येऊन म्हणाली. "मी तर चटईवर झोपते."

मी कोण, ते सांगते. मी वकील. पण त्या दिवशी मी कोर्टाची कमिशनर होते, म्हणजे जज्जसाहेबांचे उसने डोळे. त्यांना स्वतः जिना चढता येत नाही म्हणून ते आमच्यासारख्या गुडघेदुखीवाल्यांना पाठवतात. जायचं, बघायचं, दिसेल ते लिहायचं. मनाने एक अक्षर घालायचं नाही.

आणि बघायचं होतं एवढंच, की ही खोली राहण्याची की धंद्याची. ऐकायला किती साधं! पण त्यावर त्या मुलीचं सगळं अवलंबून होतं. आमच्या गावात राहत्या जागेचं भांडण घरभाडे कोर्टात चालतं आणि धंद्याच्या जागेचं दिवाणी कोर्टात. खोली भाड्याने होती तात्यांच्या नावावर. तात्या म्हणजे म्हातारा बाइंडर. तिथेच काम करायचा, तिथेच पथारी टाकायचा. तो गेल्या वर्षी वारला. मागे राहिली ही मुलगी, त्याची शागीर्द. नातं काहीच नाही. घरभाडे कोर्टाचा कायदा सांगतो, राहत्या घराचं भाडं रक्ताच्या माणसाकडेच जातं. ही परकी, हिने बाहेर व्हावं. दिवाणी कोर्टाचा कायदा सांगतो, धंद्याची जागा तो धंदा सोबत करणाऱ्याकडे जाते. हिने खुशाल राहावं. मालकाने दावा लावला होता घरभाडे कोर्टात. मुलगी म्हणत होती, हे कोर्टच चुकीचं आहे, ही खोली पहिल्यापासून बाइंडिंगची. दोन्हीकडून कागदांचा ढीग आला, तेव्हा जज्जसाहेब वैतागून म्हणाले, कमिशनर जाऊन बघू दे.

कमिशनरने बघितलं. मशीन नव्हतं. खाट होती.

मालकाचा मुलगा माझ्या खांद्यावरून वाकून म्हणाला, "मॅडम, दिसतंय ना? लिहा मग."

२

लिहायला काय जातंय? दोन ओळी खरडून, रिक्षा पकडून मी जेवायला घरी पोचले असते. खोटं कशाला बोलू, तो विचार माझ्या मनात आला. आणि आला म्हणून मी स्वतःवरच चिडले.

"आज संध्याकाळपर्यंत अहवाल द्यायचाय," मी म्हटलं. "तोवर मी या घरात बसणार. चहा कोण करतंय?"

मालकाची सूनबाई खाली पळाली. मुलगा तिच्या मागे. मी खाटेवर बसले आणि मुलीला समोर बसवलं. हातांवर सरसाचे डाग, बोटांना दोऱ्याचे वळ. बाइंडर होती ती, त्यासाठी कमिशनर कशाला हवा होता!

"कुठे गेली होतीस?"

"परगावी. तिथल्या वाचनालयाची जुनी पुस्तकं शिवायला. हत्यारांची पेटी, पुठ्ठे, सगळं सोबत नेलं होतं. आज सकाळी परत आले ती थेट तुमच्याबरोबरच वर चढले."

"आणि मशीन तेवढं मागे ठेवलंस."

"ते काय पिशवीत घालून नेणार? चार माणसांना हलत नाही ते."

"उघडता येतं का ते? तुकडे करून?"

ती माझ्याकडे बघतच राहिली. "मी आले तेव्हापासून ते तसंच उभं आहे. तात्यांनी मला तेल घालायला शिकवलं, पण नटाला हात लावू दिला नाही. पातं हात तोडेल म्हणायचे." मग तिने मान खाली घातली. "मॅडम, माझंच चुकलं. आज पाहणी आहे हे माहीत असून मी गेले. काम सुटेल म्हणून हावरेपणा केला. तात्या असते तर गेले नसते."

"तुझ्यावर संशय घेऊ का मी? विकून टाकलं असशील."

मला वाटलं, भडकेल. ती भडकली नाही. "ते मशीन म्हणजेच माझी केस आहे," ती म्हणाली. "माझ्या वकिलांनी दहादा बजावलंय, मशीन आहे तोवर तू आहेस. मी ते विकेन?"

बरोबर होतं. विकायचं असतं तर पाहणी झाल्यावर विकलं असतं. मग मी उठून कुलूप बघितलं. धड होतं, ओरखडासुद्धा नाही. फरशी बघितली, जिना बघितला. लोखंडी धूड फरफटत नेलं असतं तर पायऱ्यांच्या कडा उडाल्या असत्या. काहीच नव्हतं.

"या कुलपाची दुसरी किल्ली आहे?"

"आहे ना," ती म्हणाली. "खाली मालकांच्या स्वयंपाकघरात, खिळ्याला."

३

मी खाली त्यांच्या स्वयंपाकघरात जाऊन बसले आणि सूनबाईने चहा पुढे ठेवला. मी चहाचा घोट घेतला आणि सरळ विचारलं, "किल्ली कोणी नेली?"

चोराच्या मनात चांदणं म्हणतात, पण या बाईच्या मनात नुसता उजेडच उजेड! तिने पदर तोंडाला लावला.

"मी नाही हो नेली. पण खिळा रिकामा मी बघितला होता. परवा दुपारी. काल संध्याकाळी किल्ली परत जागेवर. मी बोलले नाही कोणाला."

"का नाही बोललात?"

"मला वाटलं, यांनीच नेली." ती रडायलाच लागली. "माझी आई तिकडे एकटी पडलीय, वकीलबाई. अर्धं अंग लुळं आहे तिचं. शेजारीण येऊन भरवून जाते. ही खोली मिळाली तर आईला इथे आणू, असं मीच यांच्या मागे टुमणं लावलं. हे सगळं माझ्यामुळे झालंय. त्या पोरीला बघितलं की माझ्या घशाखाली घास उतरत नाही, आणि आईला आठवलं की झोप येत नाही."

मी तिला चहा प्यायला लावलं, तिच्याच घरचा.

नवरा दारामागून ऐकतच होता. तो विमा विकतो, त्यामुळे हसरा चेहरा त्याला पाठ झालेला. पण तो आता उतरला होता.

"तू मला चोर समजलीस?" तो बायकोवर खेकसला. "मी तर समजत होतो की तूच कोणाकडून तरी..."

"अहो, मी कशी उचलणार ते?"

"भांडण नंतर करा," मी म्हटलं. "तुम्ही सांगा. मशीन नसलं की दावा तुमच्या कोर्टात राहतो. फायदा तुमचा. मग संशय कोणावर घ्यायचा मी?"

तो खुर्चीत बसला आणि बोटं मोडत राहिला.

"खरं सांगू, मॅडम? मी प्रयत्न केला होता. लाज वाटते सांगायला. मागच्या आठवड्यात ही मुलगी बाजारात गेली असताना चार हमाल आणले वर. त्यांनी मशीन बघितलं, दार बघितलं आणि हसायला लागले. म्हणाले, साहेब, दारापेक्षा हे रुंद आहे, भिंत फोडावी लागेल. तसेच परत गेले. आज ते तिथे नाही बघून मला आनंद झाला, आणि भीतीपण वाटली. आईशप्पथ, मी नाही नेलं."

"दारापेक्षा रुंद?" मी कप खाली ठेवला. "मग ते आत कसं गेलं होतं?"

"मला काय ठाऊक? मी तेव्हा मामाकडे शिकायला होतो. सुट्टीत घरी आलो तर मशीन हजर."

खुनशी माणूस नव्हता तो. लबाड होता, पण लबाडी पचत नव्हती त्याला. आणि त्याच्या त्या फसलेल्या लबाडीने मला हवं ते दिलं होतं.

"तुमचे वडील कुठे असतात?" मी विचारलं.

"आप्पा? वर. त्या खोलीच्या समोरच. पण त्यांना नका त्रास देऊ, त्यांना यातलं काही कळत नाही. दाव्यावर सही केली तेवढीच."

४

पुन्हा जिना! माझ्या गुडघ्याने मला शिव्या घातल्या, मी घरमालकाला घातल्या.

आप्पा जमिनीवर गादी टाकून, भिंतीला टेकून बसले होते. अंगावर शाल, दोन्ही हात शालीत. दिवस चांगला उबदार होता. मला बघून ते उठायला गेले आणि अर्ध्यातच कण्हून खाली बसले.

"राहू द्या, आप्पा. माझंही गुडघ्याचंच रडगाणं आहे. तुम्ही खाली कशाला झोपता असे?"

"वैद्याने सांगितलंय," ते म्हणाले. "कडक जमीन पाठीला बरी."

"आणि गुडघ्याला?"

त्यांनी शाल आणखी घट्ट ओढून घेतली. खोलीत एक लाकडी कपाट होतं, भलंमोठं, कुलूपबंद. खुर्चीवर मात्र सदरे, धोतरं, स्वेटर यांचा डोंगर.

"इस्त्रीला द्यायचेत," मी न विचारताच आप्पा म्हणाले.

"स्वेटरसुद्धा?"

खोलीत रॉकेलचा वास होता. मी खुर्चीवरचे कपडे बाजूला सारून बसले आणि तात्यांचा विषय काढला. म्हाताऱ्याचा चेहरा एकदम उजळला. तात्या आणि ते एकत्रच उमेदवारी करत फिरलेले. तात्या पुस्तकांकडे गेला, आप्पा पंपाच्या कारखान्यात फिटर म्हणून लागले. खोली त्यांनीच तात्याला बोलावून दिली होती. अगदी शेवटी दवाखान्यात तात्याने त्यांचा हात धरून म्हटलं होतं, पोरीकडे लक्ष ठेव.

"ठेवलं का लक्ष?" मी विचारलं. उगाच विचारलं. कधी कधी माझ्या जिभेला हाड नसतं.

आप्पांचे डोळे भरले. डोळे पुसायला त्यांनी हात शालीतून काढला आणि मला उजव्या हाताच्या बोटांवरची जाड पट्टी दिसली. त्यांनी हात झटकन आत घेतला.

"भाजी चिरताना लागलं," ते म्हणाले.

त्या घरात भाजी सूनबाई चिरते, हे मला तिच्या स्वयंपाकघरात बसून आल्यावर कोणी सांगायला नको होतं.

५

मी सगळ्यांना तिथेच बोलावलं, आप्पांच्या खोलीत. मुलगी दाराशी उभी, मुलगा खिडकीशी, सूनबाई सासऱ्याजवळ.

"मशीन दारातून अख्खं जात नाही," मी म्हटलं. "म्हणजे ते अख्खं आलंही नव्हतं. तुकड्यांनी वर चढलं आणि इथे जोडलं गेलं. तेव्हा तुकड्यांनीच बाहेर जाऊ शकतं. पण हे माहीत कोणाला? ही मुलगी नंतर आली. मालकांचा मुलगा तेव्हा मामाकडे. त्याला माहीत असतं तर त्याने हमाल आणलेच नसते, मिस्त्री आणला असता. सूनबाई तर लग्न होऊन आली तीच मशीन जुनं झाल्यावर. जोडताना जवळ होते दोघंच. एक तात्या, ते गेले. दुसरे, कारखान्यातले फिटर."

मुलीची नजर आप्पांकडे वळली.

"जिन्यावर ओरखडा नाही, कारण मशीन जिना उतरलंच नाही. आणि घेऊन जाणारा चोर मागे खाट ठेवून जात नाही, धुतलेली चादर घालत नाही, पाण्याच्या तांब्यावर पेला झाकत नाही. हे माया असलेल्या माणसाचं काम. ज्याला ती खोली कोणाचं तरी घर वाटायला हवी होती. खाट आली कुठून? ज्याचे गुडघे वाकत नाहीत तो माणूस जमिनीवर झोपायला लागला, तिथून."

सूनबाई हळूच म्हणाली, "आप्पा, तुमची खाट कुठंय?"

मुलगा एकदम पुढे आला. त्याचा विमेवाला मेंदू सगळ्यांच्या आधी चालला होता.

"आप्पा, एक शब्द बोलू नका. मॅडम, तुमचं काम समोरच्या खोलीपुरतं. तिथे मशीन नाही, हे तुम्ही डोळ्यांनी बघितलंय. तेच लिहा. बाकी सगळा तुमचा तर्क."

आणि गंमत म्हणजे तो खरं बोलत होता. कोर्टाने मला ती एकच खोली बघायला सांगितली होती. या खोलीतलं कपाट उघडा म्हणायचा मला काडीचा अधिकार नव्हता. तर्क अहवालात चालत नाही. आप्पा गप्प बसले असते, तर मला "मशीन आढळले नाही, खाट आढळली" असंच लिहून जावं लागलं असतं, आणि मुलगी महिन्याभरात रस्त्यावर आली असती.

पण आप्पा गप्प बसले होते ते वेगळ्याच कारणाने. त्यांच्या चेहऱ्यावर चक्क समाधान होतं.

"लिहा की, वकीलबाई," ते म्हणाले. "खाट आढळली म्हणून लिहा. तेच बरं आहे."

६

तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. अरे देवा!

"आप्पा," मी विचारलं, "खोली राहती ठरली तर काय होईल, असं वाटतं तुम्हाला?"

ते मुलाकडे बघायचं टाळत बोलले. "बागेत आम्ही म्हातारे बसतो ना, तिथे सगळे सांगतात. दुकानवाल्याला कोर्ट उठवतं, पण राहत्या घरातून कोणाला काढत नाही. मला कळलं, बाई बघायला येणार, घर आहे की दुकान. म्हटलं, घर करून ठेवू. दोन दिवस एकेक नट रॉकेल टाकून सोडवला, एकेक तुकडा सतरंजीवर ठेवून इकडे ओढला. तेवढंच माझ्या हातात होतं."

"आप्पा, तिचं उलटं आहे," मी म्हटलं. हे बोलताना मलाच गुन्हेगारासारखं वाटत होतं. "तिचं आणि तात्यांचं नातं नाही. खोली घर ठरली तर ती जाते. बाइंडिंगची ठरली तरच राहते. ते मशीन तिचा एकमेव आधार होता, आणि तो तुम्ही कपाटात घातलात."

म्हाताऱ्याने माझ्याकडे बघितलं, मग मुलाकडे. मुलाने नजर फिरवली, आणि त्यावरूनच आप्पांना पटलं.

"आप्पा," मुलगा बायकोकडे बोट दाखवत खालच्या आवाजात म्हणाला, "हिची आई कुठे जाणार? विचार करा. जे झालं ते आपोआप झालं. नुसते बसून राहा."

सूनबाई सासऱ्यांचा खांदा धरून उभी होती. ती काय म्हणते याची मी वाट बघत होते. ती खाली वाकली आणि म्हाताऱ्याला उठायला हात दिला.

आप्पांनी जानव्याला बांधलेली किल्ली सोडली. कपाट उघडलं. आत खणाखणांत लोखंड: चाक, दांडा, तबकडी, नट डब्यात वेगळे, आणि सगळ्यात खाली जुन्या धोतरात तान्ह्या पोरासारखं गुंडाळलेलं पातं.

"मी काढलं," आप्पा म्हणाले. "लिहून घ्या. माझ्या हाताने काढलं, तिला न सांगता."

मुलगी दारातून आत आली. पात्याला हात लावून बघितला, धार गेली नाही ना. मग ती आप्पांसमोर उभी राहिली. तिचा आवाज चढला नाही, पण मला तो आजही ऐकू येतो.

"एवढं सगळं केलंत. गुडघे मोडेपर्यंत केलंत. मला एकदा विचारायचं होतं ना, आप्पा? मी काय परगावी मेले होते? परवापर्यंत समोरच राहत होते."

"कोणत्या तोंडाने विचारू?" आप्पा म्हणाले. "दाव्यावर सही माझीच आहे."

७

मी अहवालात खोलीत जे दिसलं ते लिहिलं आणि आप्पांनी जे सांगितलं तेही, त्यांच्या सहीसकट. जज्जसाहेबांनी वाचून चष्मा काढला आणि दावा परत केला: जागा धंद्याची, हे कोर्ट नव्हे, योग्य कोर्टात जा.

बाहेर व्हरांड्यात मुलगा नवा दावा टाइप करूनच उभा होता. दिवाणी कोर्टाचा. मला बघून ओशाळला, पण कागद लपवला नाही. "सासूबाईंसाठी एकदा शेवटचा प्रयत्न," तो म्हणाला. "हरलो तर हरलो." त्याने कागद वडिलांपुढे धरला, पेन उघडून हातात दिलं.

आप्पांनी पट्टी बांधलेल्या बोटांत पेन धरलं. व्हरांड्याच्या दुसऱ्या टोकाला मुलगी तिच्या वकिलांशी बोलत होती. आप्पांनी तिकडे बघितलं, मग मला विचारलं, "वकीलबाई, या वेळी आधी विचारून घेतो. मी सहीच केली नाही, तर हे भांडण कोणत्या कोर्टात जातं?"

"कोणत्याच नाही, आप्पा. मालक तुम्ही. तुमच्या सहीशिवाय दावाच नाही."

"मग ते कोर्ट बरं," आप्पा म्हणाले. त्यांनी पेन बंद करून मुलाच्या खिशाला लावलं. "सूनबाईच्या आईला माझी खोली दे. मी खाली तुमच्या बैठकीत पडेन. आजच आणायला जा तिला."

मुलाने कागद एकदा वरपासून खालपर्यंत वाचला. शेवटी त्याने तो घडी करून खिशात घातला आणि रिक्षा बघायला गेला. मी म्हटलं, "जा आप्पा, सांगा तिला, ती समोरच उभी आहे." त्यांनी नकारार्थी मान हलवली. तिच्यापर्यंत जायचं धाडस त्यांना त्या दिवशी झालं नाही. निरोप मलाच द्यावा लागला.